'किवी' भंगारात जायला नको होती: युद्धातले ट्रॉलर आणि नंतरचं ट्रेनिंग

दर्याकिनारा
न्यूझीलंड नेव्हीची किवी. ट्रॉलरच्या (जाळं ओढणाऱ्या मासेमारी बोटीच्या) धर्तीवर स्कॉटलंडमधल्या लीथला बांधलेली, जेमतेम सहाशे टनांची. २९ जानेवारी १९४३ च्या रात्री पॅसिफिकमधल्या ग्वादलकॅनाल बेटाजवळ कमिंबोच्या उपसागरात तिला जपानी पाणबुडी आय-१ सापडली, आकाराने तिप्पट, वर १४० मिमीची तोफ, आणि किवीकडे फक्त ४ इंची. तरी कॅप्टन ब्रिडसनने बोट सरळ तिच्या अंगावर घातली, तीन वेळा! सिग्नलमन ब्युकॅननला गोळ्या लागल्या होत्या पण सर्चलाइट पाणबुडीवरून हलू दिला नाही त्याने, त्यातच गेला तो. पुढे जोडीच्या मोआ या बोटीने पाठलाग केला आणि पाणबुडी खडकावर चढली. अशी बोट युद्धानंतर शिकाऊ पोरांसाठी राबवून १९६० च्या दशकात मोडीत काढली. माझं स्पष्ट मत, ती तेव्हाच जपायला हवी होती, ट्रेनिंगला दुसरी मिळाली असती.

जुना कॅडेट
दादा, नाही पटलं. किवी, मोआ, तुई या तिघी मुळात ट्रेनिंगसाठीच मागवलेल्या, मध्ये युद्ध आलं म्हणून १९४१ पासून लढाईला जुंपल्या. म्हणजे युद्धानंतर ती आपल्या मूळ कामावर परत आली, यात अपमान कसला? मी मर्चंट नेव्हीत होतो, मोठ्या जहाजावर कॅडेट म्हणून पहिले कित्येक महिने चिपिंग हॅमरने गंज काढण्यातच गेले, व्हीलला हात कोण लावू देतोय. नंतर छोट्या बोटीवर गेलो तेव्हा कळलं, पाच अंश सुकाणू फिरवलं की बोट लगेच पायाखाली बोलते आणि धक्क्याला लावताना चूक झाली तर फेंडर (बोट आणि धक्क्यामधली गादी) कुरकुरलेला स्वतःच्या कानाने ऐकू येतो. हे शिक्षण छोट्या बोटीवरच मिळतं.

ऑकलंडवासी
मी इथेच राहते. डेव्हनपोर्टला टॉर्पेडो बे म्युझियममध्ये त्या आय-१ ची तोफ ठेवलीय, मुलाला घेऊन गेले होते, तोफेवर हात ठेवून त्याने विचारलं आई हिला हरवणारी बोट कुठाय. काय सांगणार? हरलेल्याची तोफ आहे आणि जिंकलेली बोट नाही, मला हे फार लागलं. दर्याकिनारांशी सहमत.

माझगावकर
ताई, भावना कळते, पण आपली विमानवाहू विक्रांत आठवा. २००१ ला म्युझियम केलं, २०१२ ला बंद, २०१४ ला मुंबईतल्या दारूखान्याच्या जहाजतोडणी यार्डात तोडायला घेतली, मी पुलावरून बघायचो रोज थोडी थोडी कमी होताना. कोट्यवधींच्या शहराला एक जहाज सांभाळता आलं नाही, तर तेव्हाच्या वीस लाख वस्तीच्या देशाने आपली छोटी नेव्ही चालवायची की किवीचा रंग करत बसायचं? खाऱ्या पाण्यात उभी बोट सडते. फिरती ठेवली हेच बरं केलं.

तर्कट
मला दोघांचंही पटत नाही. तेरा नॉटची बोट, युद्धात झिजलेली, तिच्यावर १९५० च्या दशकातली पोरं काय शिकणार? तोवर पाणबुड्या पाण्याखाली त्याहून जोरात पळायला लागल्या होत्या. स्वस्तात मिळालं म्हणून पोरांना जुन्यावर शिकवायचं ही सवय वाईट आणि ती सगळीकडे आहे.

जुना कॅडेट
तर्कट, पाणबुडी पकडायला नाही हो, वॉच (पाळीचा पहारा) ठेवायला, नांगर टाकायला, उलटी होत असतानाही चार्टवर पोझिशन मांडायला शिकवतात आधी. तुई तर पुढे समुद्र संशोधनालाही वापरली. आपल्याकडेही युद्धातले ट्रॉलर टाकून नाही दिले, फाळणीत त्यांची वाटणी झाली, 'नाशिक' नावाची बोट आपल्याकडे आली, 'बडोदा' पाकिस्तानकडे गेली. नव्या नेव्हीला प्रत्येक चालती बोट हवीच असते.

दर्याकिनारा
ठीक, मूळ कामावर परत आली हा मुद्दा मान्य, मला तो आधी सुचला नव्हता. माझगावकर, अख्खी बोट सांभाळणं जड हेही मान्य. पण मोडताना तिचा ब्रिज (बोट चालवायची वरची जागा) तरी कापून किनाऱ्यावर आणून ठेवायचा, ब्युकॅनन जिथे उभा राहिला ती जागा तेवढी. तेवढ्याला किती खर्च आला असता? यावर मी मागे हटणार नाही.