आईविना असलेल्या बहिणीच्या बाळंतपणासाठी मदत कशी उभी करावी?

नमस्कार,

माझ्या पाठच्या बहिणीचे पहिले बाळंतपण जुलैच्या सुरुवातीला आहे. आमची आई हयात नाही, आणि बहिणीच्या सासूबाईंना भातलावणी उरकल्याशिवाय गाव सोडता येणार नाही. बहीण कांदिवलीला राहते, मी विक्रोळीला. नोकरी सांभाळून, दादरला गाडी बदलून रोज तिच्याकडे जाणे मला जमणार नाही.

बहिणीला कायद्याप्रमाणे २६ आठवड्यांची पगारी रजा आहे. तिच्या यजमानांना मात्र जेमतेम आठवडाभर सुटी मिळेल, कारण केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांना मिळते तशी १५ दिवसांची पितृत्व रजा देण्याचे बंधन खासगी कंपन्यांवर नाही.

आम्ही लालबागच्या चाळीत वाढलो. तिथे बाळाला पायांवर घेऊन न्हाऊ घालणाऱ्या काकू वेगळ्या असत आणि वाटीभर अळिवाची खीर आणून, बाळंतिणीने ती संपवेपर्यंत समोरून न हलणाऱ्या काकू वेगळ्या. बहिणीच्या इमारतीत शेजाऱ्यांशी ओळख लिफ्टपुरतीच आहे. तिच्या ऑफिसातल्या मैत्रिणी आणि आमची एक मावसबहीण मात्र “काही लागले तर सांग” असे मनापासून म्हणतात. ती स्वतःहून काहीही सांगणार नाही, आणि बाळ बघायला आलेल्यांसाठी चहा टाकायला तीच उठेल, हे मला आत्ताच दिसते आहे. म्हणून प्रत्येकीला नेमके काम द्यावे, म्हणजे एकीने रात्रीचा डबा पाठवावा, दुसरीने शनिवारी दुपारी बाळाजवळ बसून हिला झोपू द्यावे, असे माझ्या मनात आहे. कोणालाही न दुखावता हे कसे सांगावे? आपल्यापैकी कोणी अशा पाळ्या लावल्या असतील, तर त्या सव्वा महिना टिकल्या का?

मालिशवाल्या बाईंचाही प्रश्न आहे. डॉक्टरांनी धुरी देण्यास आणि बाळाच्या नाका-कानांत तेल घालण्यास स्पष्ट मनाई केली आहे, पण ज्या दोन बाईंशी बोलले त्या दोघीही धुरीवर अडून बसल्या. कांदिवली-बोरिवली भागात डॉक्टरांचे ऐकणाऱ्या बाई कशा शोधाव्यात, आणि पैसे महिन्याचे ठरवावेत की रोजचे?

सर्वांत जास्त काळजी मला तिच्या मनाची वाटते, कारण आई गेल्यापासून ती फार अबोल झाली आहे. बाळंतपणानंतर पहिले काही दिवस रडू येणे स्वाभाविक असते, पण उदासी दोन आठवड्यांहून अधिक टिकली तर डॉक्टरांना दाखवावे, हे मला माहीत आहे. टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांकही मी लिहून ठेवला आहे. परंतु विचारले की ती “ठीक आहे” एवढेच म्हणते. ज्यांनी माहेरच्या आधाराशिवाय हे दिवस काढले आहेत त्यांनी कृपया सांगावे, की त्या काळात कोणी काय विचारले असता आपण मोकळेपणाने बोलू शकलात?