धडपडणाऱ्या बँडवरील चित्रपटांत वादनातील प्रगती खरी का वाटत नाही?

प्रश्न

तरुण रॉक बँडची धडपड दाखवणारे, हसवता हसवता गंभीर होणारे चित्रपट मी आवडीने पाहते. मात्र त्यांपैकी बऱ्याच चित्रपटांत एका ठराविक जागी माझा विश्वास उडतो. सुरुवातीला मुले बेसूर वाजवतात आणि प्रेक्षक हसतात. मग तालमीची, भांडणांची आणि तुटलेल्या तारांची दोन-तीन मिनिटांची दृश्यमालिका येते आणि ती संपताच तीच मुले, जणू मोठ्या स्टुडिओत ध्वनिमुद्रण झाले असावे, अशी निर्दोष वाजवू लागतात. तळघरातही तोच आवाज, भरलेल्या सभागृहातही तोच. शिवाय सुरुवातीचा बेसूरपणा केवळ हशासाठी वापरला गेल्यामुळे पुढे त्या मुलांच्या वाट्याला अपयश आले तरी ते मनाला भिडत नाही. ही या चित्रप्रकाराचीच मर्यादा आहे, की हा प्रश्न नीट सोडवलेले चित्रपट आहेत?

प्रतिसाद १

असे चित्रपट निश्चित आहेत, आणि त्यांतील पहिला म्हणून मी ॲलन पार्कर यांचा ‘द कमिटमेंट्स’ (१९९१) सुचवेन. त्यातील बँड रॉकऐवजी सोल, म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकनांमध्ये घडलेले भावोत्कट संगीत वाजवतो, परंतु आपला प्रश्न त्याला तंतोतंत लागू पडतो. रॉडी डॉइल यांच्या १९८७ च्या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात डब्लिनच्या उत्तर भागातील कामगारवस्तीतली बेकार मुले एकत्र येतात. पार्कर यांनी भूमिकांसाठी प्रामुख्याने संगीताची जाण असलेले नवखे चेहरे निवडले. मुख्य गायकाच्या भूमिकेतील अँड्र्यू स्ट्राँग त्या वेळी अवघा १६ वर्षांचा होता. वाद्यांचे ध्वनिमुद्रण आधी झालेले असले, तरी गायन चित्रीकरणाच्या वेळीच प्रत्यक्ष टिपले गेले. त्यामुळे धाप, घशातील खरखर आणि शब्द फेकताना मानेवर येणारा ताण हे सारे एकाच क्षणाचे वाटते; आपण ज्या खोटेपणाबद्दल लिहिले आहे, त्याला तिथे जागाच उरत नाही.

विनोदाच्या बाबतीतही हा चित्रपट फार विचारपूर्वक लिहिलेला आहे. बँडमधील सर्वांत समर्थ आवाज डेको या मुख्य गायकाचा आहे आणि सर्वांत असह्य माणूसही तोच आहे. त्याच्या उद्धटपणावर आपण हसतो, पण त्याच उद्धटपणाला कंटाळून ड्रमवादक बँड सोडतो, आणि शेवटी बँड फुटण्यामागेही ते एक मोठे कारण असते. हशा आणि हानी यांचा उगम एकाच स्वभावात असल्यामुळे चित्रपट विनोदाकडून दुःखाकडे वळला तरी त्याचा सांधा कुठे दिसत नाही.

प्रतिसाद २

वरील मताशी मी सहमत आहे. त्याला एक वेगळा मार्ग जोडतो. टॉम हँक्स यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘दॅट थिंग यू डू!’ (१९९६) या चित्रपटात प्रगतीची दृश्यमालिका जे सांगू पाहते, ते एका लयबदलातून सांगितले आहे. काळ १९६४ चा, गाव पेनसिल्व्हेनियातील इरी. नेहमीच्या ड्रमवादकाचा हात मोडतो आणि त्याच्या जागी आलेला गाय हा तरुण स्पर्धेच्या ऐन वेळी संथ प्रेमगीत ठरलेल्यापेक्षा कितीतरी जलद लयीत सुरू करतो. गायक चिडतो, बाकीचे गोंधळतात, पण समोरची मुले नाचू लागतात. मला हा प्रसंग अत्यंत सच्चा वाटतो, कारण बँडचे वादन रातोरात सुधारलेले नसते. फक्त गाण्याला त्याची योग्य लय सापडलेली असते आणि तो बदल प्रेक्षकाला स्वतःच्या कानांनी पडताळता येतो. पुढे तेच गाणे वेगवेगळ्या ठिकाणी पुन्हा पुन्हा ऐकू येते, म्हणजे ते कंटाळवाणे असते तर संपूर्ण चित्रपट कोसळला असता. ॲडम श्लेसिंजर यांनी रचलेल्या या गाण्याला ऑस्करचे नामांकन मिळाले होते.

प्रतिसाद ३

माझा मतभेद मुळातच आहे. बँडची प्रगती दाखवलीच पाहिजे, हे आपण का गृहीत धरतो? लुकास मूडिसन यांचा ‘वी आर द बेस्ट!’ (२०१३) अवश्य पाहावा. १९८२ चे स्टॉकहोम, पंक, म्हणजे रॉकचा ओबडधोबड, बंडखोर प्रकार, संपला असे सगळे म्हणत असतानाचा काळ. बोबो आणि क्लारा या शाळकरी मुलींना एकही वाद्य वाजवता येत नाही. मोठ्या मुलांच्या बँडला तालमीच्या खोलीतून बाहेर काढता यावे, एवढ्यासाठी त्या बँड असल्याचे सांगतात आणि तिथून सुरुवात होते. नंतर गिटार उत्तम वाजवणारी हेडविग त्यांना येऊन मिळते आणि थोडेफार शिकवतेही, तरीही अखेरपर्यंत त्यांचे वादन कच्चेच राहते. मात्र व्यायामाच्या तासाबद्दलचा त्यांचा राग खरा आहे आणि त्यावरचे गाणेही त्यांचे स्वतःचे आहे. दिग्दर्शक त्यांच्या बेसूरपणाकडे उणीव म्हणून पाहत नाही, म्हणून प्रेक्षकही त्यांना हिणवून हसत नाही. त्यांच्या हट्टाच्या आनंदात सामील होऊन हसतो. मूळ प्रश्नातील दुसऱ्या भागाचे, म्हणजे अपयश मनाला का भिडत नाही याचे उत्तर मला इथे सापडते. ज्या मुलांना चित्रपटानेच आरंभी हास्यास्पद ठरवले, त्यांच्यासाठी पुढे डोळ्यांत पाणी यावे अशी अपेक्षा त्याने करू नये.

प्रश्नकर्ती

सर्वांचे मनःपूर्वक आभार. लयीचा मुद्दा मला विशेष पटला. आणखी एक शंका विचारते: यांतील बहुतेक कथा बँड फुटण्यावर किंवा एका मोठ्या कार्यक्रमावर का संपतात? यापलीकडे काही शक्य नाही का?

प्रतिसाद २

बँड फुटण्याचा शेवट मला खोटा वाटत नाही. फुटण्याची कारणे कशी दाखवली आहेत, ते महत्त्वाचे. हँक्स यांच्या चित्रपटात खलनायक नाही. एकाला स्वतःची गाणी करायची आहेत, एकाला सैन्यात जायचे आहे, एक लग्नाच्या नादात निघून जातो. चार जणांच्या इच्छा काही काळ एका दिशेने गेल्या आणि मग त्यांच्या वाटा वेगळ्या झाल्या, एवढेच घडते आणि ते पुरेसे आहे.

प्रतिसाद ३

कार्यक्रमावर संपणारा शेवटही ताजा असू शकतो. नोबुहिरो यामाशिता यांच्या ‘लिंडा लिंडा लिंडा’ (२००५) या जपानी चित्रपटात शाळेच्या महोत्सवासाठी मुली ऐन वेळी बँड उभा करतात आणि गायिका म्हणून जपानी भाषा जेमतेम येणाऱ्या कोरियन विद्यार्थिनीला निवडतात. तिच्या उच्चारांवर चित्रपट विनोद करत बसत नाही; तिने एकटीने केलेला सराव मात्र निवांतपणे दाखवतो. तालमीने थकून गेलेल्या मुली कार्यक्रमाच्या दिवशी झोपून राहतात आणि पावसात धावत उशिरा पोहोचतात. स्पर्धा नाही, परीक्षक नाहीत, ध्वनिमुद्रणाचा करार घेऊन उभा असलेला कोणी गृहस्थही नाही. ठरवलेली गाणी मैत्रिणींनी मिळून एकदा नीट वाजवायची, एवढीच त्यांची इच्छा असते. त्यामुळे या मुली पुढे नावारूपाला येतील का, असा प्रश्न चित्रपट पाहताना मनात येतच नाही; त्या वेळेवर पोहोचतील का, याचीच काळजी लागून राहते.