जिद्द असली की गाव आडवं येत नाही म्हणे!

पडदा_अर्धा
काल एक पोस्ट फिरत फिरत माझ्यापर्यंत आली. सदाशिव अमरापूरकर नगरचे, सयाजी शिंदे साताऱ्याकडच्या वेळेकामठीचे, मकरंद अनासपुरे मराठवाड्यातले. तिघंही हौशी नाटकातून पडद्यावर गेले. सबब, ‘जिद्द असेल तर गाव आडवं येत नाही, आणि छोट्या गावांची रंगभूमी हीच सिनेमाची खरी नर्सरी.’ खाली दोनशे बदाम.

मी नगरचा. चौदा वर्षं राज्य नाट्यला उभा राहिलोय (स्पर्धेत, निवडणुकीत नाही). त्यामुळे गप्प बसवेना.

त्या पोस्टमध्ये नगरहून ‘अर्धसत्य’ला थेट एसटी सुटते. मधली वर्षं गायब. अमरापूरकर विशीपासून नाटकात, पुढे मुंबईच्या व्यावसायिक रंगभूमीवर ‘हँड्स अप’. ते दिग्दर्शक गोविंद निहलानींनी पाहिलं आणि ‘अर्धसत्य’मधला खलनायक रामा शेट्टी मिळाला. 1983 चा सिनेमा, ओम पुरी समोर, हा माणूस आवाज न चढवता बसलेला. सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पण निहलानी काही नगरला आले नव्हते. हे मुंबईत उभे होते म्हणून दिसले. समजा ते नाटक वीस प्रयोगांत पडलं असतं तर? जिद्द तेवढीच राहिली असती.

आणि जे दिसले नाहीत त्यांचं काय? आमच्या ग्रुपमध्ये एक होता. त्याची एंट्री झाली की विंगेतले आम्ही आमचे क्यू विसरायचो. 2009 ला मुंबईला गेला. अकरा वर्षांत इन्स्पेक्टर, हवालदार, पुन्हा हवालदार. त्याचं सगळ्यात गाजलेलं वाक्य, ‘साहेब, बॉडी मिळाली.’ पैसे नव्वद दिवसांनी, तेही फोन करकरून. लॉकडाउनमध्ये परत आला, आता वडिलांच्या हार्डवेअरच्या दुकानात बसतो. गिऱ्हाईक ओळखतं, ‘तुम्ही ते बॉडी मिळालीवाले ना?’ आणि पाइपात पाच टक्के कमी करून मागतं.

त्याच्यात जिद्द नव्हती असं त्या पोस्टवाल्याने दुकानात येऊन सांगावं. चहा माझ्याकडून.

तिसरी_घंटा
वाईट वाटलं, पण हे रडगाणं आहे. शंभर जातात, दोन पोचतात. क्रिकेटमध्येही तसंच असतं. पोचलेल्यांचं कौतुकसुद्धा करायचं नाही का?

दुसरं, माहिती अर्धी आहे. ‘अर्धसत्य’आधी ‘22 जून 1897’मध्ये अमरापूरकर टिळक झाले होते, 1979 मध्ये. म्हणजे निहलानींच्या आधीही कॅमेऱ्याने त्यांना पाहिलं होतं.

तिसरं कोणी बोलत नाही म्हणून मी बोलतो. हौशी नाटकवाला कॅमेऱ्यासमोर ओझं असतो. शेवटच्या रांगेला ऐकू जावं म्हणून ओरडायची सवय, डोळे तिथेच भिंतीवर टांगलेले. मी सहायक म्हणून सेटवर काम केलंय. अशा दहा जणांना ‘दादा, जरा खाली आण’ म्हणून माझा घसा बसलाय. उलट ‘सैराट’ बघा. रिंकू राजगुरू, अकलूजची शाळकरी पोर. राज्य नाट्यचं एक पदक नाही आणि थेट राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख. नाटकाची शिडी आता लागत नाही, हे पचवा.

पडदा_अर्धा
टिळकांचं विसरलो. मान्य. घ्या, एक गुण तुम्हाला.

पण रिंकूचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. नागराज मंजुळे करमाळ्याकडचे. दिग्दर्शकच त्या मातीतला, म्हणून कॅमेरा अकलूजला पोचला. ‘फँड्री’तला सोमनाथ अवघडेही असाच गावातच सापडला. पोरांनी शिडी लावली नव्हती, वरचा माणूस खाली उतरला होता. असे किती उतरतात?

आणि ओरडण्याबद्दल. आमच्याकडे माइक नसतात हो. डिमरचे तीन लाइट चालू असले की आम्ही नारळ फोडतो. ओरडलो नाही तर तिसऱ्या रांगेतले काका पहिल्या अंकातच घोरायला लागतात.

विंगेतली
पोस्टमध्ये तीन नावं, तिन्ही पुरुष. इथे इतकी हाणामारी झाली, एकाच्याही लक्षात आलं नाही. छान.

मी लातूरकडची. आमच्या ग्रुपमध्ये रोल कुणाला जाणार हे अभिनयावर ठरत नव्हतं. तालीम अकराला संपल्यावर कुणाला घरी सोडणं सोपं आहे, यावर ठरायचं. माझं घर वेशीबाहेर, म्हणून दोन वर्षं मी प्रॉम्प्टर. तिसऱ्या वर्षी मुख्य भूमिका मिळाली, ती ज्या मुलीला मिळायची तिचं लग्न ठरलं म्हणून. अभिनयाचं रौप्यपदक आलं. पेपरात फोटो आला तर आईने तो पेपर कपाटात खाली घातला, वर साड्या. का? तर मुलाकडचे बघायला येणार होते. स्थळ फिस्कटलं ते वेगळ्याच कारणाने, पण काका आजही पदकालाच बोल लावतात.

मुंबई लांबची गोष्ट. आमची शिडी वेशीपर्यंतसुद्धा पोचत नव्हती.

तिसरी_घंटा
उषा जाधव कोल्हापूरच्या. ‘धग’ सिनेमासाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार. बाईला जमत नाही असं काही नाही.

विंगेतली
जमत नाही असं मी कुठे म्हटलं? ‘सोडायला कोण येणार’ असं म्हटलं. तुम्ही पुन्हा एक पोचलेलं नाव काढून तोंडावर फेकलंत. ती पोस्ट तुमचीच होती का हो?

तांबडा_पांढरा
कोल्हापूरचं नाव निघालं म्हणून बोलतो. (बोलतोच. बाईच हाय मी. पुढं कळंल.)

तुमची शिडी-बिडी राहू द्या. एका कोल्हापुरी मालिकेसाठी आमच्याकडं ऑडिशनं झाली. मी बारा वर्षं नाटकात. फोन आला, या म्हणाले. गेलो तर रोल नव्हता. हिरोइनला ‘जरा कोल्हापुरी टोन’ शिकवायचा होता. हिरोइन शहरातली, गोड पोरगी, तिच्याबद्दल तक्रार न्हाई. पण तिच्या कागदावर सगळीकडं ‘मी येते वं’, ‘मी जाते वं’. म्हटलं, आमच्यात बायका ‘मी येतो’, ‘मी जेवलो’ म्हणतात. लेखक म्हणाला, ‘प्रेक्षकांना वाटेल चूक झाली.’ म्हणजे आमची आजी जल्मभर चुकीचं बोलली! चार दिवस शिकवलं. पैसे प्रवासखर्चाएवढे, आणि नावाच्या पाटीत नाव न्हाई.

आणि वर म्हणायचं, गावाकडचा नट आपली भाषा घेऊन येतो. भाषा घेतात, नट एसटी स्टँडवर सोडतात.

प्रमाण_वेलांटी
नटाचं कामच दुसऱ्याची भाषा आत्मसात करणं आहे. कोल्हापुरी भूमिका कोल्हापूरकरालाच द्यायची तर खुन्याची भूमिका कुणाला द्यायची? आणि एक आठवण करून देतो. ज्यांच्याकडे बघून अख्ख्या महाराष्ट्राने ‘हाच तो गावचा पाटील’ म्हटलं ते निळू फुले जन्माने पुण्याचे. त्यांना कुणी रहिवासी दाखला मागितला नाही.

तांबडा_पांढरा
निळूभाऊंचं नाव घेऊन गप करायचं व्हय? ते राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातनं गावंच्या गावं पालथी घालून आलेले. चार दिवस कोच ठेवून न्हाई.

खुन्याचं उदाहरण लय शहाणपणाचं वाटलं असंल तुम्हाला. खुनी ‘मी येते वं’ म्हणाला तरी कुणाची आजी चुकीची ठरत न्हाई.

प्रमाण_वेलांटी
निळूभाऊंच्या बाबतीत तुमचं बरोबर आहे. पण मग पुण्याचा माणूस मेहनत घेतली तर करू शकतो, हे माझंही बरोबर आहे. बाकी एवढं चिडायला काय झालं?

तांबडा_पांढरा
चार दिवसांचे पैसे आले की शांत हुतो.

काऊन_बे
कोल्हापुरीले निदान हिरो भेटते. वऱ्हाडी माणूस पडद्यावर आला का समजाचं, आता हसाचं हाय. एक तं नोकर, न्हाई तं बावळट मामा. मी अमरावतीचा. मुंबईत ऑडिशनमध्ये गंभीर उतारा केला, मुलगा मेल्यावर बापाचं बोलणं. समोरची बाई हसली. म्हणे, ‘सॉरी, अॅक्सेंट इतका क्यूट आहे.’ मुलगा मेला बाई, मुलगा!

मकरंद अनासपुरेंचंच घ्या. विद्यापीठातून नाट्यशास्त्र शिकून आलेला माणूस. मराठवाड्याच्या बोलीत नायक झाला, त्याले सलामच. पण हसवल्याबिगर त्यालेही कितीदा उभं केलं? ज्या बोलीनं दार उघडलं तिनंच आतून कडी लावली.

गजालीकार
बोलीक मुंबैची मेहेरबानी कित्याक व्हयी? ‘वस्त्रहरण’ 1980 पासून मालवणीत चालला, मच्छिंद्र कांबळींनी हजारांनी प्रयोग केले. पुणेकर काय समजाच्या आधीच हसत होते. भाषेक रडत बसण्यापेक्षा नाटक चालवन दाखवा.

काऊन_बे
घ्या! पुन्हा हसणंच. माह्या मुद्द्याले पुरावा दिल्याबद्दल आभार.

पडदा_अर्धा
अरे बाबांनो, मुद्दा बोलीचा नव्हता. पोचण्याचा होता. त्या पोस्टमधला ‘नर्सरी’ हा शब्द मला खुपला. नर्सरीत झाड वाढवत नाहीत, विकायला रोपं ठेवतात. आमच्या गावातली नाटकं काय मुंबईला रोपं पुरवायला असतात का? यावर कोणीतरी बोला.

काऊन_बे
बोलीशिवाय पोचाचं कसं, तेच तं बोलून रायलो!

झाडीतला
मी गडचिरोलीतल्या वडसा भागातला. नर्सरीवर मी बोलतो, कारण आमच्याकडे हा प्रश्नच उलटा आहे. धान निघालं की दिवाळीनंतर झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या आमच्या पट्ट्यात, नाटकं सुरू होतात. गावात मंडई (म्हणजे जत्रा) किंवा शंकरपट (बैलांची शर्यत) असला की रात्री नाटक ठरलेलंच. जेवणं उरकून बसायचं, पहाटे उठायचं. पाव्हणे बोलावतात, मुली बघायचे कार्यक्रमही त्याच दिवशी उरकतात. तिकीट काढून हजारो माणसं थंडीत घोंगड्या घेऊन बसतात. नटाला रात्रीचे पैसे मिळतात. मुंबईला जायचं कशाला? उलट मुंबई-पुण्याचे सिनेमा-मालिकांतले लोक सीझनला आमच्याकडे येतात आणि बॅनरवर त्यांचा फोटो मोठा लागतो.

परशुराम खुणेंना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली. गडचिरोली जिल्ह्यातला शेतकरी माणूस, आयुष्य झाडीपट्टीच्या रंगमंचावर गेलं. तो कुठे ‘पोचला’ म्हणायचं? तुमच्या हिशोबात तो स्ट्रगलरच.

तिसरी_घंटा
पण मग तुमच्याकडेही बॅनरवर मोठा फोटो पडद्यावरच्याचाच लागतो ना? म्हणजे पडदा वरचढ आहे हे तुम्हीच कबूल केलंत.

झाडीतला
लागतो. आमच्या नटांना तो डाचतोही. त्या पाहुणीला दोन गाणी आणि आमच्यापेक्षा जास्त पाकीट. पण तिसऱ्या अंकात बायाबापड्या डोळे पुसतात ते कुणासाठी, ते एकदा येऊन बघा. येताना स्वेटर आणा.

विंगेतली
तिथे बायकांना रात्री घरी कोण सोडतं?

झाडीतला
कंपनीच्या गाडीतून सगळे सोबत जातात-येतात. गावात बोलणारे बोलतातच ताई. ते नाही असं खोटं सांगणार नाही.

तिसरी_घंटा
बरं. पडदा_अर्धा, तुमच्यासाठी एवढंच. त्या पोस्टमधली मधली वर्षं खोडलेली आहेत, हे मान्य. सयाजी शिंदेंनी वॉचमनची नोकरी केली, ‘झुलवा’ नाटक केलं, आणि मग 1999 ला ‘शूल’ सिनेमा. त्यानंतर तमिळ सिनेमात कवी भारतीयार झाले, तेव्हा मराठी प्रेक्षकाला त्यांची खरी किंमत कळली. सरळ एसटी नव्हतीच. पण म्हणून कुणी जाऊच नये असं पोरांना सांगायचं का? माझ्या भाच्याला एकांकिकेत पारितोषिक मिळालंय, जूनमध्ये मुंबईला निघालाय. त्याला तुमची हार्डवेअरची गोष्ट सांगू?

पडदा_अर्धा
सांगा. आणि एकटं पाठवू नका. औरंगाबादची ‘जिगीषा’ ही नाटकवाली मंडळी आठवतात? चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवी, प्रतीक्षा लोणकर. ती अख्खी टोळीच मुंबईला गेली. एकाचं काम नसलं तर दुसऱ्याच्या ताटात जेवता येतं. आमचा तो एकटा गेला, हीच चूक. त्याच्याबरोबर जायला आम्ही घाबरलो. मीसुद्धा. बँकेची परीक्षा पास झालो होतो ना.

तिसरी_घंटा
हे आधी लिहिलं असतंत तर एवढं भांडलो नसतो.

प्रमाण_वेलांटी
मी मात्र अजून विचारतोय, ‘मी येतो’ हे व्याकरणात कुठे बसतं?

तांबडा_पांढरा
आमच्या सोप्यात बसतं. तुम्हीबी या, पाट देतो. देतोच म्हणणार.

काऊन_बे
अन् हे सिरियलवाले वऱ्हाडी म्हणून कायबी खपवते. परवा एक जण डोळ्याले ‘डोरा’ म्हणून रायला होता. कुठून शिकून येतात बे?

झाडीतला
भाऊ, ‘डोरा’ आमचा आहे. ‘डोया’ तुमचा. चंद्रपूर-गडचिरोलीला वऱ्हाड समजून तुम्हीच आम्हाला पुसून टाकता आणि शिव्या मुंबईवाल्यांना देता.

काऊन_बे
मंग त्यानं पात्र अकोल्याचं काऊन दाखवलं?

झाडीतला
ते त्यालाच विचारा. मला पाच वाजता तालीम आहे.