जोडग्रहण हजार वर्षांनी एकदा: गणित मांडायचं की जादूवर सोडायचं?

शून्यसावली (धागाकर्ता)
मेरवण हे आपल्या पुण्याच्या गटाने खेळासाठी रचलेलं जग. पुढच्या मोहिमेचा कळस म्हणजे जोडग्रहण, आणि मसुद्यात त्याबद्दल एकच वाक्य आहे: हजार वर्षांतून एकदा दोन्ही चंद्र सूर्यावर येतात, साऱ्या जगात अंधार होतो, बंद दारं उघडतात. माझा याला विरोध आहे. आधी गणित, मग जादू.

मसुद्यात वर्ष ३६० दिवसांचं आहे. दोन चंद्रांपैकी जवळच्या तांब्याची अमावास्या दर ३० दिवसांनी, लांबच्या निळ्याची दर ७७. यांचा लसावि काढून कोणीतरी २,३१० दिवस लिहिलेत. म्हणजे जेमतेम साडेसहा वर्षं! लसावि इथे कामाचाच नाही. अमावास्या मिनिटाबरहुकूम जुळायची गरज नसते, आणि नुसत्या जुळून भागतही नाही. दोन्ही चंद्र आपापल्या पातबिंदूजवळ, म्हणजे चंद्राची कक्षा सूर्याच्या मार्गाला छेदते त्या जागेजवळ, असावे लागतात. आपल्या चंद्राची कक्षा सुमारे ५ अंश कललेली आहे, म्हणून दर अमावास्येला ग्रहण लागत नाही.

शक्यतेने मोजा. निळ्याच्या अमावास्येच्या मागेपुढे दोन तासांत तांब्याची पडायला हवी: ७२० तासांतले ४, म्हणजे १८०त एकदा. पृथ्वीवर साधारण पाच अमावास्यांत एकदा कुठे ना कुठे सूर्यग्रहण असतं. तेच प्रमाण दोन्ही चंद्रांना लावलं तर पंचविसात एकदा. ७७ × १८० × २५ = ३,४६,५०० दिवस, म्हणजे ९६२ वर्षं.

हजाराच्या जवळ आलो खरे, पण हे 'जगात कुठेतरी' झालं. पृथ्वीवर खग्रास सरासरी दीड वर्षात कुठेतरी होतं, एकाच गावात मात्र सरासरी पावणेचारशे वर्षांनी. हे सुमारे अडीचशेचं प्रमाण धरलं तर राजधानीवर जोडग्रहण यायला दोन लाख चाळीस हजार वर्षं जातील. मग ती भविष्यवाणी लिहून ठेवली कोणी?

फासेकरी
पूर्ण असहमत. जादूच्या जगात ग्रहण लागत नाही, कोणीतरी लावतं. तिथे पातबिंदू कशाला?

टेबलावर बसलेल्या खेळाडूला तीनच गोष्टी लागतात: किती आधी कळतं, किती वेळ टिकतं, आणि दार उघडायची किंमत काय. स्पर्शापासून (ग्रहण लागल्यापासून) मोक्षापर्यंत (ते सुटेपर्यंत) तीन तास धरा, अर्ध्या तासाची एक अशा सहा फेऱ्या. पहिल्या दोन फेऱ्यांत दार शोधायचं, मधल्या दोनांत उघडायचं, शेवटच्या दोनांत बाहेर पडायचं. मोक्षानंतर आत राहिला तो पुढच्या ग्रहणापर्यंत आतच. एवढ्यावर मोहीम उभी राहते. शक्यतेचे गुणाकार मांडले की निम्मं टेबल चहाला उठतं.

तिथीवार
गणित म्हणजे किचकटच असं कोणी सांगितलं? ज्योतिषी गणेश दैवज्ञांनी शके १४४२ मध्ये, म्हणजे इ.स. १५२०च्या सुमारास, ग्रहलाघव हा ग्रहगणिताचा ग्रंथ रचला तो ज्या-कोज्या (साइन-कोसाइन) बाजूला ठेवून. पंचांगकर्त्याला बेरीज-गुणाकारात ग्रहण काढता यावं एवढाच हेतू. राहूची गोष्ट सांगणाऱ्या समाजातच हे गणित चालत होतं. फासेकरी, तुमच्या ग्रहण लावणाऱ्यालाही वेळापत्रक असू शकतं की.

शिवाय 'साऱ्या जगात अंधार' हे काढाच. पृथ्वीवर खग्रासाचा पट्टा सहसा फार तर अडीचशे-पावणेतीनशे किलोमीटर रुंद असतो. पुणे-मुंबई त्यात मावतील, नागपूर नाही. आणि सावली पळते. सेकंदाला पाऊण किलोमीटर धरली तर सिंहगडावरून पर्वतीवर यायला तिला वीस-पंचवीस सेकंद पुरतील.

कंकण
तुम्ही सगळे मुख्य घोळ सोडून भांडताय. तांब्याने एकट्याने सूर्य झाकला तर मागचा निळा दिसणारच नाही. हे जोडग्रहण आहे की साधं, हे खाली उभ्या माणसाला कळणार कसं?

उपाय आहे: दोन्ही चंद्र सूर्यापेक्षा किंचित लहान दिसू द्या. एकेकटे आले तर कंकणाकृती. दोघे थोडे आजूबाजूला सरकून आले तरी सूर्य पूर्ण झाकला जात नाही, कारण लहान चकती मोठीच्या परिघाचा नेहमी अर्ध्याहून कमी भाग झाकते. चंद्राचा व्यास सूर्याच्या ९५ टक्के धरा. प्रत्येक जण जास्तीत जास्त १४४ अंश झाकेल, दोघे मिळून २८८. उरल्या समोरासमोर ३६ अंशांच्या दोन तेजस्वी कोरी. असा सूर्य दुसऱ्या कुठल्याच ग्रहणात दिसणार नाही.

फासेकरी
कोरी मान्य, झकास आहेत. पण मग अंधार गेला! दोन-तीन टक्के सूर्य उघडा असला तरी उजेड संधिकालासारखा राहतो, तारे काही दिसत नाहीत. आणि खग्रासच नाही तर संमीलन-उन्मीलन, म्हणजे सूर्य पूर्ण झाकला जाण्याचा आणि पुन्हा उघडू लागण्याचा क्षण, कुठून आणणार? त्यापेक्षा निळा दुप्पट मोठा करा, तासभर काळोख मिळेल.

शून्यसावली
करा, पण आधी बंदरं नकाशावरून पुसा. घनता तीच ठेवून चंद्र दुप्पट मोठा दिसू लागला की भरती ओढणारा जोर आठपट होतो, चंद्र जवळ असो की लांब. बर्फाळ चंद्र घेऊन घनता निम्मी केली तरी चौपट. शिवाय एवढा मोठा चंद्र ऐन मध्याला प्रभामंडलाचा (सूर्याभोवतीच्या करोनाचा) आतला तेजस्वी भागही झाकून टाकतो. मी कोरींच्या बाजूने.

तिथीवार
कोरी घ्या की काळोख, ढगांचं कलम कोणीच लिहिलेलं नाही. राजधानी पुण्याच्याच अक्षांशावर, साडेअठरा उत्तर, आणि मोहीम श्रावणात. २२ जुलै २००९च्या खग्रासावर भारतात पट्ट्यातल्या बऱ्याच ठिकाणी ढगांनी पाणी फिरवलं होतं. दार सावली पडल्यावर उघडतं की कोरी डोळ्यांनी दिसल्यावर? दुसरं असेल तर फासेकरींच्या सहा फेऱ्यांआधी ढगांसाठी एक फासा टाकावा लागेल.

फासेकरी
सावली पडल्यावर. ढगांसाठी फासा मी टाकणार नाही.

कंकण
मग माझ्या कोरी बघणार कोण?