'ओस', 'बेचिराग' की 'हललेला गाव'? मेसा व्हर्डेच्या निमित्ताने एक शब्दचर्चा

पाऊलवाट

नमस्कार. आमच्या महाराष्ट्र मंडळाच्या त्रैमासिकासाठी मी अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागातल्या प्राचीन प्वेब्लो या मूळनिवासी लोकांवर एक लेख लिहीत आहे आणि गेला आठवडाभर एका शब्दापाशी अडून बसले आहे. कोलोरॅडो राज्याच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात मेसा व्हर्डे नावाचे पठार आहे. त्याच्या कड्यांच्या कपारींत सुमारे ६०० दगडी वस्त्या आहेत. त्यांतली सर्वांत मोठी म्हणजे 'क्लिफ पॅलेस', तिच्यात साधारण १५० खोल्या आहेत. ही बांधकामे मुख्यतः बाराव्या शतकाच्या अखेरीपासून तेराव्या शतकापर्यंतची आहेत आणि १३०० च्या सुमारास त्या साऱ्या मुलखात राहते घर उरले नव्हते. इंग्रजी पुस्तकांत यासाठी सर्रास 'अबँडन्ड' हा शब्द येतो आणि मीही पहिल्या खर्ड्यात 'ही गावे ओस पडली' असे लिहून मोकळी झाले होते.

मग आम्ही प्रत्यक्ष तिथे गेलो. शिड्यांवरून चढउतार करून कपारीत पोहोचल्यावर वाटाड्याने एका भिंतीकडे बोट दाखवले. दगडांच्या दरजांत माती भरून तिच्यात बारीक चिपा बसवल्या होत्या आणि त्या मातीत बोटांचे ठसे स्पष्ट दिसत होते. एका ठशात तर अंगठ्याच्या रेषासुद्धा ओळखू येत होत्या. आमच्या गटात रिओ ग्रँडे नदीकाठच्या एका प्वेब्लो गावातल्या वयस्कर बाई होत्या. त्यांनी शांतपणे सांगितले की ही गावे आम्ही टाकून दिलेली नाहीत, आमचे पूर्वज इथेच आहेत आणि आम्ही त्यांना भेटायला येतो. त्यानंतर 'ओस' हा शब्द लिहिताना माझा हात अडतो. गाव रिकामे आहे, तरीही टाकलेले नाही, असा अर्थ देणारा मराठी शब्द कोणता?

सातबारा

पाऊलवाटताई, आपल्याला हवा असलेला शब्द महसुली दप्तरात पूर्वीपासून आहे. ज्या मौज्यात वस्ती उरलेली नाही त्याला 'बेचिराग मौजे' म्हणतात. मी तलाठी म्हणून नोकरीला लागलो तेव्हा माझ्या सजात असे एक गाव होते. नकाशावर त्याचे नाव होते, शिवाराची हद्द होती, खातेदार होते, सारा भरला जात होता, पण खातेदार शेजारच्या दोन गावांत राहत होते. फारसीत चिराग म्हणजे दिवा, तेव्हा बेचिराग म्हणजे जिथे संध्याकाळी दिवा लागत नाही असे गाव. वस्ती का गेली, कोणी घालवली, याबद्दल हा शब्द काहीच बोलत नाही आणि मालकी संपली असेही सुचवत नाही. आपण सांगता ती परिस्थिती नेमकी हीच आहे.

मात्र एक विनंती आहे. कृपया 'बेचिराख' असे लिहू नये. लोकांना त्यात 'राख' ऐकू येते, म्हणून जळून गेलेल्या शहराला वर्तमानपत्रे बेचिराख म्हणतात. तो मूळ शब्दाचा अपभ्रंश आहे आणि अर्थाचाही.

मूळाक्षर

सातबारा यांच्याविषयी आदर राखून सांगतो, की कचेरीतला फारसी शब्द लेखात आणण्याची मला गरज दिसत नाही. संस्कृतात 'उद्वस' म्हणजे वस्ती उठलेले. 'ओस' त्याचेच घरगुती रूप आहे असे मी मानतो. वस्ती होती, ती उठली, एवढेच हा शब्द सांगतो. 'ओसाड' म्हटल्यावर जी भकास छटा येते ती 'ओस'मध्ये मुळात नाही, आपण ती मागाहून त्यात घातली. शब्द निर्दोष असताना त्याच्यावरचा डाग पुसावा, शब्दच टाकून देऊ नये.

पाऊलवाट

मूळाक्षर, 'ओस' निर्दोष आहे हे मला पटते, परंतु आपण तो एकटा कधी वापरतो? आपण 'ओस पडले' म्हणतो. हे 'पडणे' मला खटकते. पाऊस पडतो, दुष्काळ पडतो, तसे गाव ओस पडते, म्हणजे ते आपोआप घडते आणि जाणाऱ्या माणसांचा निर्णय वाक्यातून नाहीसा होतो. मेसा व्हर्डेचे लोक विचार करून निघाले. प्वेब्लोंपैकीच एक असलेल्या होपी लोकांच्या कुळांच्या परंपरेत तर स्थलांतर हे नेमून दिलेले कर्तव्य आहे, आणि अशा जुन्या वस्त्यांना ते पूर्वजांच्या पाऊलखुणा मानतात.

पांढरीची माती

मी पुरातत्त्वाची विद्यार्थिनी आहे, म्हणून शब्दाकडे वळण्याआधी थोडा तपशील देते, कारण शब्दाची निवड त्यावर अवलंबून राहील.

या वस्त्यांची वर्षे आपल्याला इतकी नेमकी ठाऊक आहेत ती त्यांच्या लाकडांमुळे. १९२९ साली ॲरिझोनातील शो लो या गावी एक जळकी तुळई मिळाली. तिच्या लाकडातल्या वर्षागणिक वाढीच्या वर्तुळाकार कड्यांमुळे डग्लस या खगोलशास्त्रज्ञाला जिवंत झाडांपासून प्राचीन तुळयांपर्यंतची साखळी जोडता आली आणि कोणते झाड कोणत्या वर्षी तोडले हे सांगता येऊ लागले. त्याच कड्यांमधून १२७६ ते १२९९ असा मोठा दुष्काळ वाचता आला. मात्र एकटा दुष्काळ पुरेसा ठरत नाही, कारण या लोकांनी त्याआधीही अवर्षणे सोसली होती. त्याच प्रदेशातील कॅसल रॉक या वस्तीत १२८० च्या सुमारास निदान ४१ माणसे मारली गेल्याचा पुरावा आहे. म्हणजे काही ठिकाणी जाणे शांततेचे नव्हते. उलट अनेक वस्त्यांत किवाचे, म्हणजे जमिनीत खोदलेल्या गोल विधिगृहाचे, छप्पर निघताना जाळलेले आढळते. हल्ल्यात जळलेले किवा आणि विधिपूर्वक जाळून मिटवलेले किवा यांत फरक करणे हे उत्खननातले नाजूक काम आहे. सातबारा, राग मानू नये, पण राख उरलेल्या अशा वस्तीला कोणी 'बेचिराख' म्हटले तर मला ते सर्वस्वी चूक वाटणार नाही.

आणखी एक गोष्ट. ताई, आपल्या खर्ड्यात कुठे 'अनासाझी' आला असेल तर तो काढावा. तो शेजारच्या नव्हाहो जमातीच्या भाषेतला शब्द असून त्याचा अर्थ 'शत्रूंचे पूर्वज' किंवा 'परक्यांचे पूर्वज' असा सांगितला जातो. स्वतःच्या आजोबा-पणजोबांना शेजाऱ्याने दिलेले असे नाव प्वेब्लो लोकांना आवडत नाही, हे स्वाभाविक आहे. होपी लोक 'हिसात्सिनोम' म्हणतात, म्हणजे फार पूर्वीचे लोक.

आता शब्द. आमच्या विषयात जुन्या वस्तीच्या जागेला 'पांढर' म्हणतात. पिकाची जमीन काळी आणि राहण्याची जमीन पांढरी. शतकानुशतके मातीच्या भिंती पडून, राख आणि शेण मिसळून जी फिकट माती होते तिच्यावरून हे नाव आले. इनामगाव, नेवासे, दायमाबाद ही सारी पांढरीची टेकाडे आहेत. इनामगावची वस्तीही इ. स. पू. ७०० च्या सुमारास उठली आणि तिच्या कारणांत कोरड्या होत गेलेल्या हवामानाचा विचार झालेला आहे. 'पांढर' म्हणजे गावाची जागा आणि 'पांढर' म्हणजे गावकरीही. 'सारी पांढर गोळा झाली' असे माझी आजी म्हणायची.

मूळाक्षर

पांढर हा सुंदर शब्द आहे, पण तो देशावरचा आहे. कोकणातल्या आणि गोव्यातल्या वाचकाला तो केवळ रंग वाटेल. शिवाय मेसा व्हर्डेच्या वस्त्या वालुकाश्माच्या कपारीत, छताखाली आहेत, तिथे टेकाड झालेलेच नाही. वस्तूचे वर्णन चुकवणारा शब्द केवळ आपला आहे म्हणून वापरणे मला योग्य वाटत नाही.

'बेचिराख' रूढ झाला आहे हे मी नाकारत नाही. परंतु चूक रूढ झाली की ती बरोबर होते, असे मानले तर 'उद्ध्वस्त'मधला 'द्' उद्या कोणीच लिहिणार नाही.

सातबारा

मूळाक्षर यांनी माझ्या बाजूने बोलावे हे मला अपेक्षित नव्हते, त्यांचे आभार. पांढरीची माती यांना एवढेच विचारतो, की छप्पर जाळून, विधी करून जे किवा मिटवले, तिथे माणसांनी दिवा स्वतःच्या हाताने शांत केला असे होत नाही का? मग 'बेचिराग' अधिक खरा ठरतो. राख हा त्या घटनेचा उरलेला भाग आहे, अर्थ नाही.

उजनीकाठ

आपणा सर्वांची चर्चा वाचत आहे. माझे आईवडील भीमेच्या काठचे. १९७० च्या दशकात उजनीच्या पाण्याखाली जी गावे गेली त्यांत आमचे गाव होते. आमच्या घरात 'गाव बुडाले' असे कधी म्हटले गेले नाही आणि 'ओस पडले' तर नाहीच. वडील म्हणत, 'गाव हलला.' गाव हलला, म्हणजे देव हलला, पार हलला, माणसे हलली आणि नाव नव्या जागी आले. जुन्या जागेला आम्ही जुने गावठाण म्हणतो. उन्हाळ्यात पाणी फार आटले की पळसदेवचे पळसनाथाचे देऊळ वर येते. त्या वर्षी लोक दर्शनाला जातात, आणि वडील जात तेव्हा ते 'गावात जाऊन येतो' असे म्हणूनच निघत. 'जुन्या' हा शब्दसुद्धा ते लावत नसत.

पाऊलवाटताईंना भेटलेल्या बाई मला माझ्या वडिलांसारख्या वाटल्या, म्हणून लिहिले. आणखी एक. 'प्वेब्लो' हा स्पॅनिश शब्द आहे आणि त्याचे अर्थ दोन आहेत, गाव आणि लोक. आपल्या 'गाव'चेही तसेच आहे. 'गाव जेवला' म्हणतो तेव्हा घरे जेवत नाहीत. म्हणून 'प्वेब्लो हलला' असे लिहिले तर मूळ नावातला अर्थही शाबूत राहील असे मला वाटते.

पांढरीची माती

उजनीकाठ, आपले लिहिणे वाचून थांबून गेले. तरी एक अडचण मांडते. आपले गाव सरकारने हलवले आणि ते नावासकट एका ठिकाणी बसले. मेसा व्हर्डेचे लोक एका गटाने एका ठिकाणी गेलेले नाहीत. त्यांचे वंशज आज ॲरिझोनातील होपी गावांत आहेत, न्यू मेक्सिकोतील झुनी, ॲकोमा आणि लगुना येथे आहेत, रिओ ग्रँडेच्या काठी आहेत. टेवा बोलणाऱ्या गावांचे मूळ मेसा व्हर्डेच्या परिसरात असावे असे काही अभ्यासक भाषेच्या आधारे मांडतात. तेव्हा एक गाव हलला असे न होता अनेक गावांतून अनेक गावे उभी राहिली. 'पांगला' म्हणावे तर त्यात दैन्य येते, 'परागंदा' म्हटले तर पळून गेल्यासारखे होते.

मूळाक्षर

मग 'स्थलांतर' काय वाईट आहे? सर्वांना कळतो, कोणाला दुखवत नाही.

उजनीकाठ

वाईट नाही, पण तो शब्द आमच्या कागदांवर होता, तोंडात नव्हता. पुनर्वसनाच्या नोटिशीत 'स्थलांतरित' होते. घरी ते कोणी म्हणाले नाही.

आणि अनेक ठिकाणी जाण्याबद्दल सांगायचे तर आमचाही सगळा गाव एका जागी गेला नाही. भावकीतली काही घरे दुसऱ्या तालुक्यात गेली. तीही 'आम्ही हललो' असेच म्हणतात, आणि जत्रेला येतात.

सातबारा

उजनीकाठ यांच्या भावनेचा मान राखूनही एक सांगावेसे वाटते. 'हलला' हे गेलेल्या माणसांचे वाक्य आहे. मागे राहिलेल्या जागेविषयी ते काही सांगत नाही. लेखिकेला दोन्ही हवे आहे, माणसांसाठीही आणि कपारीतल्या त्या भिंतींसाठीही. भिंतींसाठी मी बेचिरागच म्हणेन.

पाऊलवाट

सर्वांची मनापासून आभारी आहे. अंक छपाईला जात असल्याने मला आज काहीतरी लिहून द्यावे लागले. तेव्हा काय केले ते सांगते.

१८९१ साली गुस्ताफ नॉर्डेनशोल्ड या तरुण स्वीडिश अभ्यासकाने मेसा व्हर्डे येथे खोदकाम करून बऱ्याच वस्तू युरोपात नेल्या आणि त्या पुढे फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात पोहोचल्या. त्यांत माणसांचे अवशेषही होते. २०२० साली सुमारे २० जणांचे अवशेष आणि त्यांच्याबरोबर पुरलेल्या २८ वस्तू फिनलंडहून परत आल्या. होपी, झुनी, ॲकोमा आणि झिया या प्वेब्लो समाजांच्या प्रतिनिधींनी त्या मेसा व्हर्डेच्या मातीत पुन्हा पुरल्या. सव्वाशेहून अधिक वर्षांनी आपल्या माणसांना घरी आणताना त्यांनी जागा निवडली ती सातशे वर्षांपूर्वी सोडलेल्या गावांची. हा भाग मी लेखात आधी घेतला आणि त्यानंतर हे वाक्य लिहिले: 'तेराव्या शतकाच्या अखेरीस गाव हलला आणि दक्षिणेला गेला. कपारीत दिवा लागायचा थांबला, पण पूर्वज तिथेच राहिले.' सातबारा यांचा दिवा आणि उजनीकाठ यांच्या वडिलांचे क्रियापद, दोन्ही मी घेतले आहेत.

संपादकांनी 'हलला' खाली रेघ मारून 'गाव नपुंसकलिंगी, हलले करावे' असे कळवले आहे.

मूळाक्षर

संपादकांचे बरोबर आहे. लिखाणात 'ते गाव' घ्यावे, एकाच लेखात दोन लिंगे नकोत.

उजनीकाठ

मला हे मान्य नाही. आमच्याकडे जागा असेल तर 'ते गाव लहान आहे', आणि माणसे असतील तर 'तो सगळा गाव लोटला'. 'हलले' केले तर भिंती हलल्या असा अर्थ होईल, आणि भिंती तर तिथेच आहेत.

पांढरीची माती

आमच्या भागात दोन्ही अर्थांना 'तो गाव'च म्हणतात. मूळाक्षर, जुन्या ग्रंथांत कोणते लिंग सापडते, आपण पाहून सांगाल का?