भक्ती बर्वे नुसती 'आवाजाची नटी' होती?

तापीकाठ
जळगावच्या नाटकवाल्यांच्या गटात काल एक लांबलचक मजकूर फिरला. सार असं: भक्ती बर्वे म्हणजे 'आवाजाची नटी'. आकाशवाणीवर निवेदन, दूरदर्शनवर बातम्या, एक गाजलेली फुलराणी आणि मोजके सिनेमे. एवढ्यावर अष्टपैलू कसं म्हणायचं? आवाज हा अभिनयातला हलका माल आहे असा त्यात सूर होता. तो खटकला म्हणून इथे सविस्तर लिहितो.

सुधा करमरकरांच्या लिटल थिएटरमधली बालनाट्यं, मग माइक, मग १९७५ची 'ती फुलराणी': फुलवाल्या मंजुळेला शुद्ध बोलायला शिकवणाऱ्या मास्तराचं नाटक. मंजुळेच्या भूमिकेला एका रात्रीत तीन आवाज लागतात. पहिला फुलं विकणारीचा, घशातला, ण आणि न एक झालेला. तिसरा सुधारलेला, सहज. मधला सगळ्यात अवघड: उच्चार शुद्ध झालेत पण मुलगी अजून जुन्याच बोलीत विचार करते, म्हणून प्रत्येक अक्षर जपून ठेवल्यासारखं बाहेर येतं. हौशी प्रयोगांत हा टप्पाच गाळला जातो. पहिल्या अंकात गावंढळ, पुढे एकदम सुसंस्कृत, मग मास्तरानं नक्की शिकवलं काय हे कळतच नाही. मधला टप्पा धरायला स्वतःचं अक्षर न् अक्षर तपासणारा कान लागतो. तो माइकसमोर तयार होतो.

'तुला शिकवीन चांगलाच धडा' या स्वगताचंही तेच. राग चढत जातो, त्याबरोबर पट्टीही चढवली की शेवटाला आवाज चिरकतो आणि हशा निघून जातो. राग वाढवायचा तो गतीनं आणि व्यंजनांच्या धारेनं. पट्टी राखून ठेवायची.

धुळ्याचा विंगवाला
तापीकाठभाऊ, फुलराणीवर वाद नाहीच. वाद पडद्याचा आहे. बातम्या वाचणाऱ्याला एक खोड लागते: प्रत्येक वाक्य शेवटी खाली आणून नीट टेकवायचं. बातमीत ते हवंच, ऐकणाऱ्याला कळतं की एक बातमी संपली. पण कॅमेऱ्यासमोर माणूस वाक्य अर्धं टाकतो, गिळतो, नजरेनं पुरं करतो. शिवाय रंगभूमीची नटी शेवटच्या रांगेसाठी भुवई उचलते. क्लोजअपमध्ये तेवढीच भुवई तिप्पट दिसते.

आणि बातम्यांचं कौतुक कशाला? स्मिता पाटीलही मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचायची, वडील आपल्या शिरपूरचे. तिच्या कामात कुठे वाक्य टेकवलेलं दिसतं? चरित्र अभिनेत्री म्हणायचं तर येवल्याच्या ललिता पवारांना म्हणा. १९४२च्या चित्रीकरणातल्या थपडेनं डावा डोळा कायमचा अधू झाला, नायिकेची कामं गेली, आणि त्याच चेहऱ्यावर खाष्ट सासूपासून 'अनाडी'तल्या मायाळू मिसेस डिसापर्यंत आणि 'रामायण' मालिकेतल्या मंथरेपर्यंत सगळं उभं केलं. याला पल्ला म्हणतात.

ध्वनीवाला
विंगवाले, रेडिओवर वाक्य टेकवतात हे बातमीपुरतं. श्रुतिकेत, म्हणजे रेडिओवरच्या नाटकात, उलट असतं. माइकपासून वीतभर अंतर म्हणजे नेहमीचं बोलणं. मनातलं बोलायचं तर चार बोटांवर यायचं आणि आवाज निम्म्यावर आणायचा. दारातून येणारं पात्र दोन-तीन पावलं मागून, मान वळवत, बोलत पुढे येतं. प, फ, भ थेट जाळीवर मारले तर धप्प असा फटका बसतो, म्हणून तोंड किंचित तिरकं ठेवायचं. कागद टाचलेले नकोत, एकेक पान सुटं, वाचून झालं की अलगद खाली सोडायचं. पान उलटल्याचा आवाज ऐकणाऱ्याला पावसासारखा येतो. आणि चेहरा मेला की आवाज मरतो. हसणं ओठांवर नसेल तर ते ऐकूच येत नाही.

हे सगळं क्लोजअपचंच शिक्षण आहे. चार बोटांवरच्या माइकशी खोटं बोलता येत नाही. रेडिओवाला कॅमेऱ्यासमोर अतिअभिनय करतो हे म्हणणं म्हणूनच चूक. तसं करतो तो फक्त नाट्यगृहाची सवय असलेला.

आता नाट्यगृहांचा विषय निघालाच आहे तर, आपल्याकडे वरून टांगलेले माइक आणि डोक्यावर गरगरणारे पंखे एकत्र चालू ठेवतात. पंख्याची घरघर माइक आधी पकडतो, नटाला नंतर. मग आवाज वाढवला की शिट्टी. एप्रिल-मेच्या उकाड्यात पंखे बंद करता येत नाहीत हे खरं, पण माइक रंगमंचाच्या कडेला खाली, रबरी तुकड्यावर ठेवता येतात. तेवढं कुणी करत नाही आणि मुंबईच्या नटांना ऐकू येत नाही म्हणून बोल लावतात.

साक्रीकर
सगळं बोललात, पण भक्ती बर्वेनं दूरदर्शनसाठी कवयित्री बहिणाबाई चौधरी केली त्याचं काय? खान्देशची एवढी मोठी भूमिका आणि ती सांगलीत जन्मलेल्या, मुंबईत घडलेल्या नटीकडे. आम्हनी अहिराणी कोणले दिखस नही का? बहिणाबाई करायची तर अहिराणी जिभेवर हवी. इथल्या पोरी मेल्या होत्या का?

यावलची लेक
दादा, बहिणाबाई आसोद्याच्या. त्यांची बोली लेवा गणबोली, लेवा पाटलांची, अहिराणी नव्हे. हे जळगावच्या दर कार्यक्रमात सांगावं लागतं आणि तरीही पत्रिकेवर 'अहिराणी कवयित्री' छापून येतं!

साक्रीकर
'डोया', 'आभाय', 'झाडाले' हे आमच्याकडे रोज बोलतात. मग ती अहिराणी नाही तर काय पुणेरी?

यावलची लेक
ळ चा य आणि 'ले' प्रत्यय दोन्हीकडे आहेत, त्यावरून निवाडा होत नाही. षष्ठी आणि क्रियापद बघा. तुमच्याकडे 'रामनी माय', 'मना' (माझा), 'तुना' (तुझा). आमच्याकडे 'रामाची माय', 'माहा', 'तुहा'. तुमच्याकडे 'शे' (आहे), 'जास' (जातो), 'करस' (करतो). बहिणाबाईंच्या ओवीत एक 'शे' दाखवा. यावल, रावेर, भुसावळ पट्टा एका बाजूला. साक्री, अमळनेर, पारोळा, चाळीसगाव दुसऱ्या. भाषा शेजारी आहेत म्हणून एक होत नाहीत.

नटीला अडचण वेगळीच येते. बाहेरचे लोक 'खेडवळ' म्हणून एकच मसाला वापरतात: कोल्हापुरी 'रं', वऱ्हाडी हेल, वर चवीला 'शे'. आमच्याकडे हेल चढा नाही, वाक्य सपाट चालतं. आणि बहिणाबाईंना लिहितावाचता येत नव्हतं. ओवी जात्यावर, कामात जमलेली. खुंटा पुढे ढकलताना श्वास बाहेर पडतो त्या ठेक्यावर शब्द पडले पाहिजेत. सभागृहात उभं राहून भावगीतासारखं म्हटलं की बोली बरोबर असूनही बाई खोटी वाटते. हे जन्मगावावर ठरत नाही, कानावर ठरतं.

साक्रीकर
षष्ठीचं पटलं. पण मग अहिराणीला मोठी भूमिका कधी मिळणार, ते सांगा. लेवा गणबोलीला बहिणाबाई तरी आहेत. आम्हाला सिनेमात नोकर नाहीतर विनोदी पोलीस. ताई, तुम्ही व्याकरण शिकवून मोकळ्या झालात, आमचं दुखणं तसंच आहे.

यावलची लेक
दुखणं खरं आहे. पण ते बहिणाबाईंच्या नावावर काढू नका एवढंच म्हणते.

धुळ्याचा विंगवाला
बोलीवरून हाणामारी नको. माझ्या मुद्द्याला कुणी हात लावलेला नाही. पडदा!

तापीकाठ
लावतो. 'जाने भी दो यारो', १९८३. त्यात ती शोभा सेन झाली, 'खबरदार' नावाच्या नियतकालिकाची संपादक. भ्रष्टाचार उघडा करायचा म्हणून दोन भोळ्या फोटोग्राफरांना कामाला लावते आणि त्याच पुराव्यावर बिल्डरशी सौदा करते. अवतीभवती सगळे धुमाकूळ घालत असताना ही एकटी सपाट, समजूतदार स्वरात बोलते. तुम्ही खोड म्हणता ती टेकवलेली वाक्यं इथे भूमिकेचं हत्यार आहेत. बातम्या देणाऱ्या आवाजावर लोकांचा विश्वास बसतो, आणि तोच विश्वास ही बाई विकते. भुवई उचलून हे काम केलं असतं तर पहिल्याच प्रसंगात लबाडी कळली असती.

धुळ्याचा विंगवाला
शोभा सेन मान्य. तिथे तुमचा मुद्दा नीट बसतो. पण एका भूमिकेवर पल्ला ठरत नाही. तिचं 'आई रिटायर होते' नाटकच, फुलराणी नाटकच. पडद्यावर ललिता पवारांच्या निम्मं तरी काम दाखवा, मग अष्टपैलू म्हणेन.

तापीकाठ
निम्मं नाही, मोजकंच आहे. पण व्यावसायिक नाटकाचे शनिवार-रविवारचे प्रयोग आणि मध्ये गावोगावचे दौरे असले की चित्रीकरणाला सलग तारखा उरत नाहीत. वाईहून प्रयोग करून परतताना १२ फेब्रुवारी २००१ला मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर अपघातात ती गेली, तेव्हा वय ५२ होतं. ललिता पवारांना मूकपटापासून दूरदर्शनपर्यंतचा काळ मिळाला. मोजायचं असेल तर माध्यमं मोजा, रिळं मोजू नका.

धुळ्याचा विंगवाला
माध्यमं मोजली तर तुम्ही जिंकता. मी भूमिका मोजणार.

साक्रीकर
आणि अहिराणीचं कोण मोजणार?