क्राकूवहून एका दिवसात ऑश्वित्झ आणि मिठाची खाण: तुमचे अनुभव, सूचना लिहा

पायवाट
आज पेपरात बिर्केनाऊच्या (नाझींच्या ऑश्वित्झ छावणीचा मोठा भाग) फाटकाचा आणि आत जाणाऱ्या रुळांचा फोटो आला, आणि क्राकूवची ती लांबलचक फेरी जशीच्या तशी डोळ्यापुढे उभी राहिली. उन्हाळ्यात इथले बरेच जण पोलंडला निघतात, म्हणून धागा काढते. ज्याला जे नक्की माहीत आहे ते लिहा. वर्णनं नकोत, कामाचं हवं.

सुरुवात माझ्याकडून. ओश्वियेंचिम (जर्मनांनी त्याचं ऑश्वित्झ केलं) क्राकूवच्या पश्चिमेला ६५-७० किमी, बसने दीड तास. व्येलिच्का, म्हणजे मिठाची खाण, आग्नेयेला, शहरापासून जेमतेम १४ किमी. म्हणजे दोन्ही ठिकाणं विरुद्ध दिशांना, मधे क्राकूव. ऑश्वित्झच्या छावणीचं आता स्मारक आहे, त्याची गाइडसह फेरी साडेतीन तास, खाणीची दोन ते तीन. प्रवास, तपासणीच्या रांगा, जेवण धरलं की दहा ते बारा तासांचा दिवस होतो. सकाळी सहा-सातला निघायची तयारी ठेवा.

एकच कळकळीची विनंती. आयोजकाला विचारा, "बिर्केनाऊला किती वेळ?" ऑश्वित्झ एक म्हणजे विटांच्या इमारती आणि वस्तुसंग्रह. बिर्केनाऊ तिथून तीनेक किमीवर. जे घडलं त्याचा आवाका तिथे उभं राहिल्यावर कळतो. दोन ठिकाणं एका दिवसात कोंबताना कात्री नेमकी तिथेच लागते. सव्वा तासापेक्षा कमी सांगत असतील तर दुसरा आयोजक बघा.

निळाई
छान धागा. नावाचा घोळ आधी सांगते, कारण दारातून परत फिरायची वेळ त्यानेच येते. स्मारकाचं तिकीट नावानिशी असतं आणि आत जाताना ओळखपत्र बघतात. आपल्याकडे पासपोर्टवर वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव मधे असतं, काहींचं आडनाव लग्नानंतरही जुनंच असतं. बुकिंग करताना घाईघाईत हाक मारायचं नाव टाकू नका, पासपोर्टवर आहे तसंच टाका. पासपोर्ट हॉटेलच्या तिजोरीत ठेवून येऊ नका.

प्रवेशाला पैसे नाहीत, पैसे गाइडचे असतात. गाइडशिवायचे मोफत पास थोडे, तेही बहुधा दुपारनंतरचे, त्यामुळे दोन्ही ठिकाणं एका दिवसात दाखवणाऱ्या जोड-सहलीत बसत नाहीत.

सह्यवेडा
गुडघ्यांबद्दल कोणीच लिहिलं नाही अजून!! खाणीत उतरायला दानिवोविच शाफ्टचा (खाणीत उतरणारी उभी विहीर) लाकडी जिना आहे, एका दमात सुमारे ३८० पायऱ्या. त्या उतरल्यावर ६४ मीटर खोलीवरचा पहिला मजला येतो. पुढे चालत चालत १३५ मीटरपर्यंत खाली जातो. सगळ्या मिळून ८०० च्या आसपास पायऱ्या, चाल तीन किमीच्या वर. वर यायला लिफ्ट आहे.

चढणं नाही म्हणून लोक निर्धास्त असतात. पण गुडघा दुखतो तो उतरताना. आणि जिना सतत वळतो, त्यामुळे गरगरतं. मधेच थांबलं तर मागची सगळी रांग थांबते. ज्यांना त्रास आहे त्यांनी गटाच्या शेवटी राहावं, कठड्याच्या बाजूने उतरावं. व्हीलचेअरवाल्यांना लिफ्टने खाली नेण्याची सोय आहे, पण आधी कळवून ठरवावी लागते. जोड-सहलीच्या गटात ती सहसा मिळत नाही.

शेवंती
@सह्यवेडा सासूबाई ७१ वर्षांच्या आहेत, गुडघ्याला पट्टा. जमेल का?

सह्यवेडा
घरी चार मजले सलग उतरून बघायला सांगा, दोनदा. दुसऱ्या वेळी कठडा घट्ट धरावा लागला तर खाण वेगळ्या दिवशी ठेवा. आधी बिर्केनाऊत दोन-अडीच किमी खडीवरून चालून झालेलं असतं, मग त्या पायऱ्या. दमलेल्या पायांनीच पाऊल चुकतं.

रानवारा
क्रम काय असावा यावर. आयोजक म्हणतो त्यावर सोडू नका. हिवाळ्यात स्मारक सकाळीच हवं. डिसेंबरात पावणेचारलाच सूर्य मावळतो, आणि बिर्केनाऊ सगळं उघड्यावर. खाणीला दिवसरात्र सारखीच, आत वर्षभर १७-१८ अंश. उन्हाळ्यातही सकाळच बरी, बिर्केनाऊत सावली नाही. छत्री, टोपी, पाणी जवळ ठेवा.

दुसरं कारण. स्मारकाची वेळ ठरलेली असते, ती हुकली की त्या गटाचं गेलं. खाणीत हंगामात इंग्रजी गट वरचेवर सुटतात, थोडा उशीर झाला तर पुढचा गट मिळू शकतो. म्हणून न हलणारं आधी, हलवता येण्यासारखं नंतर.

आणि संध्याकाळची रेल्वे किंवा विमान त्याच दिवशी ठेवू नका. ठेवूच नका.

कृष्णाकाठ
मुलांना न्यायचं का? १४ वर्षांखालच्यांना स्मारकात नेऊ नये असं संग्रहालयच सुचवतं. तिथल्या विटांच्या इमारतींना ब्लॉक म्हणतात. ब्लॉक ४ मध्ये कापलेल्या केसांचा ढीग आहे, ब्लॉक ५ मध्ये बूट, चष्मे, कृत्रिम हातपाय, नावं लिहिलेल्या सुटकेसा. नाव, जन्मतारीख, गाव. आपण पुन्हा घरी जाणार या समजुतीने लोकांनी ती लिहिली होती. मोठ्या माणसालाही तिथून पाऊल उचलत नाही. लहान मुलं असतील तर आईबाबांपैकी एकाने मुलांना घेऊन खाणीत जावं, दुसऱ्याने स्मारकात. बाबागाडी जिन्यावर निरुपयोगी.

निळाई
+१ कृष्णाकाठ. फोटोचंही सांगून ठेवते: केसांच्या दालनात आणि ब्लॉक ११ च्या तळघरात फोटो मनाई. बाकी ठिकाणी फ्लॅशशिवाय चालतो. रुळांवर उभं राहून हसरे फोटो कृपा करून काढू नका. त्याच रुळांवरून १९४४ च्या मे ते जुलैमध्ये हंगेरीतून चार लाखांहून जास्त ज्यू माणसं आणली गेली, आणि त्यांतले बहुतेक उतरल्यावर काही तासांतच मारले गेले.

मोरपीस
जेवणाचं कोणी सांगेल का? आम्ही पूर्ण शाकाहारी, कांदा-लसूण चालतं.

पायवाट
@मोरपीस जोड-सहलीत जेवायला वीस-तीस मिनिटं मिळतात, तीही बहुतेक बसमध्ये, डब्यातलं सँडविच. बुकिंगच्या वेळीच शाकाहारी लिहा. सकाळी क्राकूवच्या कोपऱ्याकोपऱ्यावर ओब्वाझानेक मिळतो, पिळाचा कडक-मऊ पाव, वर तीळ, खसखस किंवा मीठ. माणशी दोन घेऊन ठेवा. स्मारकाच्या आत खायचं नाही, बसमध्ये खा.

रात्री पिएरोगी रुस्किए मागवा. आत बटाटा आणि पनीरसारखं चीज असतं. पण वरून तळलेल्या डुकराच्या चरबीचे तुकडे घालतात, त्यांना स्क्वार्की म्हणतात. मेनूत ते नेहमी लिहिलेलं नसतं. "बेझ स्क्वारेक" असं म्हणायचं, म्हणजे स्क्वार्कीशिवाय. झुरेक नावाचं आंबट सूप टाळा, त्यात सॉसेज असतं.

मोरपीस
बेझ स्क्वारेक. लिहून ठेवलं. थेपले-दशम्या नेणारच आहे 🙏

भटक्या७
स्मारकाबद्दल थोडं. आता आत शिरायची जागा बदलली आहे, २०२३ पासून नवं अभ्यागत केंद्र आहे. विमानतळासारखी तपासणी. मोठी सॅक आत नेता येत नाही, ती बसमध्येच ठेवा, म्हणजे सामानघराची रांग वाचते. तपासणीनंतर काँक्रीटच्या उघड्या वाटेवरून चालत जातो, तिथे मारल्या गेलेल्यांची नावं एकामागून एक ऐकू येतात. गट तिथे पटकन पुढे सरकतो. तुम्ही मात्र कान देऊन चाला.

आत गाइड हळू आवाजात माइकवर बोलतो, आपल्याला हेडफोन. मिळाल्याबरोबर तिथेच लावून बघा, खरखर असेल तर लगेच बदलून घ्या. अर्ध्यातून बदलता येत नाही. बिर्केनाऊत वारा असतो, हेडफोनवर विसंबू नका, गाइडच्या जवळ राहा.

फाटकापासून स्मारकशिळेपर्यंत साधारण किलोमीटरभर, तितकंच परत. शेवटी दाहगृह २ आणि ३ चे पडके भाग. ते वेळ लागून पडलेले नाहीत. पुरावा उरू नये म्हणून नाझींच्या एसएस दलाने जानेवारी १९४५ मध्ये सुरुंग लावून उडवले. २७ जानेवारीला लाल सेना पोचली तेव्हा तिन्ही छावण्यांत (ऑश्वित्झ एक, बिर्केनाऊ आणि मोनोवित्झ) मिळून सात हजारांच्या आसपास कैदी उरले होते. पाच वर्षांत तिथे आणलेल्यांची संख्या सुमारे १३ लाख, मारले गेलेले सुमारे ११ लाख, त्यांतले १० लाखांच्या आसपास ज्यू.

शेवंती
वाचूनच गलबललं.

कोल्हापूरची
विषय थोडा बाजूला जाईल, पण राहवत नाही. युद्धातली पोलिश माणसं आमच्या कोल्हापूरजवळच्या वळिवड्यात होती! १९४३ ते ४८, पाच हजारांच्या आसपास. महावीर गार्डनमध्ये त्यांचा स्मृतिस्तंभ आहे. त्यांनी शाळा, चर्च, नाटकं सगळं उभं केलं होतं तिथे. ती सगळी ऑश्वित्झमधून सुटून आलेली का?

भटक्या७
नाही ताई, तो वेगळा धागा. १९३९ मध्ये पोलंड जर्मनी आणि सोव्हिएत रशिया या दोघांनी वाटून घेतला. वळिवड्याला आलेली माणसं पूर्वेकडची, सोव्हिएत सत्तेने १९४०-४१ मध्ये सैबेरिया-कझाकस्तानात धाडलेली. जर्मनीने रशियावर हल्ला केल्यावर त्यांची सुटका झाली, मग इराणमार्गे इकडे. जामनगरजवळच्या बालाचडीला जामसाहेब दिग्विजयसिंहजींनी मुलं ठेवून घेतली तीही त्यांतलीच. वॉर्सोला गेलात तर कोल्हापूरचं स्मारक आहे तिथे, जरूर बघा.

कोल्हापूरची
धन्यवाद! हे गावात सगळ्यांना सांगणार.

मिठागर
खाणीवर जरा सविस्तर, कारण लोक तिला "दुपारचा विरंगुळा" समजतात. तेराव्या शतकापासूनची खाण, नऊ मजले, ३२७ मीटर खोल. १९७८ मध्ये युनेस्कोच्या अगदी पहिल्या यादीत आली. आपल्याला दिसतो तो भाग एकूण बोगद्यांच्या एक-दोन टक्केच.

पांढरंशुभ्र मीठ शोधू नका. खडक राखाडी-हिरवट, दिसतो ग्रॅनाइटसारखा. त्यात माती मिसळलेली आहे. आधार सगळे लाकडाचे, कारण मिठाने लोखंड गंजतं आणि लाकूड मात्र मुरतं, टणक होतं. मिठाचा वैरी ओलावा. दमट हवेने शिल्पं झिजायला लागली म्हणून १९८९ ते ९८ ही खाण युनेस्कोच्या धोक्यातल्या यादीत होती.

खाणीतलं संत किंगाचं प्रार्थनागृह १०१ मीटर खोलीवर, ५४ मीटर लांब. जमीन, पायऱ्या, भिंतीवरची शिल्पं, सगळं मीठ. झुंबरांचे लोलक मात्र मीठ विरघळवून पुन्हा जमवलेले, म्हणून काचेसारखे. काम १८९५ मध्ये सुरू झालं. मार्कोव्स्की बंधू आणि विरोदेक, तिघेही खाणकामगार. इथे गाइड दहा-पंधरा मिनिटं मोकळी देतो, आधी डावी-उजवी भिंत बघा, फोटो नंतर.

आणि या दोन जागा एका दिवसात बघणाऱ्याने हे माहीत करून जावं. १९४४ मध्ये जर्मनांनी याच खाणीत विमानाचे भाग बनवायचा कारखाना घातला आणि प्लाशूवच्या छावणीतून ज्यू कैदी आणून राबवले. खारट दमट हवेने यंत्रं गंजली, कारखाना चालला नाही. सकाळी जे ऐकलंत त्याचंच एक टोक इथे खाली आहे. गाइड आपणहून सांगेलच असं नाही, स्ताशित्स दालनात आलात की विचारा.

रानवारा
@मिठागर हे माहीत नव्हतं. दोन जागा जोडण्याला सोय सोडून काही अर्थ नाही असंच वाटायचं.

कृष्णाकाठ
ज्यांच्याकडे दोन दिवस आहेत त्यांनी वेगवेगळंच करा. क्राकूव ग्लूव्नी (मुख्य) स्थानकावरून व्येलिच्का रिनेक-कोपाल्न्याला लोकल, वीस-पंचवीस मिनिटं. किंवा ३०४ नंबरची बस. तिकीट शहरापुरतं घेऊ नका, दोन्ही झोनचं घ्या. ओश्वियेंचिमला मुख्य स्थानकाला लागूनच्या बसस्टँडवरून बस, ती स्मारकाजवळ सोडते. रेल्वेने गेलात तर स्थानकापासून पायी वीस-पंचवीस मिनिटं.

शेवंती
ठरलं. सासूबाई आणि मी स्मारक एका दिवशी, खाण नवरा-मुलगा दुसऱ्या दिवशी. खाणीतून वर येताना लिफ्टला गर्दी असते का?

मिठागर
असते, दुपारी तीननंतर अर्धा तास सहज. लिफ्ट म्हणजे खाणीचा पाळणा, अंधारा आणि अरुंद, खांद्याला खांदा लागतो, पण मिनिटभरात वर. बंद जागेची भीती असेल तर गाइडला आधी सांगावं. आणि एक, काही गट रेगिस शाफ्टमधून वर काढतात. तो गावाच्या चौकाजवळ आहे, उतरलो तिथे नाही. बस कुठल्या दाराशी उभी राहणार ते खाली उतरण्याआधीच ड्रायव्हरला विचारून घ्यायला सांगा, खाली गेल्यावर फोनचा भरवसा नाही.